यंत्रमानवी

गोरेगावच्या बसस्टँडसमोर चहाची टपरी चालवणाऱ्या त्या बाईचं नाव मी कधी विचारलं नाही. दुपारची देवरीची गाडी गेली की ती शेगडी बंद करते, पाय लांब पसरते आणि तळहातावर तंबाखू मळत रस्त्याकडे बघत बसते. मग कोणीही येवो, चहा मिळत नाही.

एकदा तिथे पेपर वाचताना मला एक नवाच शब्द दिसला, 'यंत्रमानवी'. मी तो मोठ्यानं वाचला.

"हे का होय जी?" तिनं विचारलं.

"बाईसारखी दिसणारी मशीन. स्वयंपाक करते, झाडते, म्हाताऱ्यांना सांभाळते."

"थकत नाही?"

"नाही."

"मंग बसत बी नसंल?"

"गरजच नाही तिला."

तिचा मळता अंगठा थांबला. "मंग बाईसारखी कायची?" असं म्हणून ती पोट धरून हसली.

तेव्हापासून तो शब्द बाजारात फिरतो आहे. घाई करणाऱ्या कंडक्टरला ती सुनावते, "मले यंत्रमानवी समजून राहिला का?" परवा शेजारची भाजीवाली तेच आपल्या नवऱ्याला म्हणाली, आणि त्यानं मुकाट्यानं टोपली उचलली.

काल मी नेमका तिच्या बसायच्या वेळी पोचलो. चहा नाही हे माहीत असूनही घड्याळ बघत उभा राहिलो. तिनं बाकावरची पिशवी बाजूला सरकवली.

"बसा ना जी. तुमी बी का मशीन होय?"

बसलो. माझी गाडी समोरून निघून गेली, तरी उठलो नाही.