तेरा मिनिटांचं जेवण

नाटकातला माणूस रंगमंचावर जेवतो, तेव्हा ते जेवण रांधतं कोण, हा प्रश्न तुम्हाला कधी पडलाय? नाही ना? कोणालाच पडत नाही. टाळ्या नटाला, नाव लेखकाचं, आणि रांधणारीच्या वाट्याला खरकटी भांडी. जगाची रीतच ही, चिडून उपयोग नाही. तरी मी चिडतो, ते सोडा.

तर अशी एक बाई होती, तिने चौतीस वर्षं हेच काम केलं. सगळं थिएटर तिला वहिनी म्हणायचं, कारण तिचा नवरा तिथला सुतार आणि सुताराला सगळे दादा म्हणायचे. पुढे तिचे केस पिकले, नातवंडांच्या वयाची पोरंपोरी नाटकात आली, तरी ती वहिनीच राहिली.

ती या धंद्यात आली ती दादाच्या डब्यापायी. दुपारी डबा घेऊन यायची आणि तो खाऊन होईपर्यंत तालीम बघत उभी राहायची. तेव्हा नाटकात फळं मातीची असायची आणि वाडग्यात धूळ. एका दुपारी कंपनीच्या मोठ्या नटाने मातीचा पेरू टेबलावर आपटला आणि म्हटलं, "हे हातात घेऊन मला भूक लागत नाही. आणि मला लागली नाही, तर समोर बसलेल्याला काय डोंबल लागणार?" मग त्यांची नजर वहिनीच्या हाताकडे गेली.

"त्यात काय आहे?"

"यांचं जेवण," ती म्हणाली.

"आज यांना उपाशी ठेवा."

दादा त्या दिवशी खरोखर उपाशी राहिला, आणि ही गोष्ट त्याने पुढे भेटेल त्याला ऐकवली. डबा खाणाऱ्या नटाला सगळे राजे म्हणायचे. तरुणपणी त्यांनी इतके राजे रंगवले होते की नंतर कारकून केला, चोर केला, तरी ते राजेच. दुसऱ्या दिवशी त्यांनी जिन्याखालची खोली रिकामी करून घेतली, तिथे दोन शेगड्या आणि एक मोरी आली, आणि वहिनी कंपनीच्या कामाला लागली.

काम सोपं वाटतं, करून बघा. सफरचंद चालत नाही, ते दातांखाली कुरकुरतं आणि शेजारच्याचं वाक्य खाऊन टाकतं. म्हणून बटाटा उकडायचा, कोरायचा, बिटाच्या पाण्यात एका गालावर रंगवायचा. दूध नको, घशात चिकटतं. भुगा पडेल असं काही नको, ठसका लागतो. मद्य म्हणजे गार केलेला कोरा चहा. आणि चव? पहिल्या महिन्यात तिने हौसेने चवदार रांधलं. प्रवेश असा होता की भाऊ गेल्याची बातमी येते आणि माणूस ताट दूर लोटतो. त्या नटाने बातमी ऐकली, ताट चाटूनपुसून साफ केलं आणि मग लोटलं. प्रेक्षक खो खो हसले. मॅनेजर जिन्याखाली येऊन कडाडला, "वहिनी, माणसांना नाही, पात्रांना जेवायला घालायचंय." तिने कानाला खडा लावला. तेव्हापासून नियम ठरला, कोणी नको म्हणणार नाही आणि कोणी परत मागणार नाही, असं रांधायचं.

"म्हणजे तू मला वाढतेस तसंच," दादा म्हणाला. त्या दिवशी त्याला तेवढंही मिळालं नाही.

राजे म्हातारे झाले तसं त्यांच्या पदरात एका न्यायाधीशाचं नाटक पडलं. निवृत्त न्यायाधीश, दुसऱ्या अंकात जेवायला बसलेला. सभोवती मुलं घराच्या वाटणीवरून भांडतात आणि म्हातारा तेरा मिनिटं फक्त जेवतो, वाडगाभर सूप आणि पाव. बोलत नाही. कुठल्या वाक्याला त्याचा चमचा थांबतो, कुठल्या वाक्याला तो घास न चावता गिळतो, एवढ्यावरून लोकांना कळायचं की आत काय चाललंय. अकरा वर्षं ते नाटक चाललं. लोक त्या तेरा मिनिटांसाठी परत परत यायचे, आणि मुलांचं भांडण कोणाला आठवायचंही नाही.

राजेंचं काहीतरी बिनसलंय, हे पहिल्यांदा कळलं ते वाडग्याला. भांडी घासताना वहिनीला तळाशी गाजराचे तुकडे सापडू लागले. मग एकदा त्यांचा रुमाल धुवायला घेतला तर त्यात पावाचा ओला गोळा. तिने तुकडे बारीक केले, मग आणखी बारीक, मग पाव बंद केला, सूप चाळणीतूनच गाळलं आणि थोडं दाटसर केलं. तीन आठवड्यांनी राजे जिन्याखाली आले आणि स्टुलावर बसले.

"वहिनी, गाजरं कुठे गेली?"

"तुम्ही लपवत होतात तिथेच."

ते हसले, आणि हसताहसता खोकले. खोकला बराच वेळ थांबेना. मग त्यांनी सांगितलं. घशाचे स्नायू थकलेत, घास श्वासनलिकेकडे वळतो. डॉक्टरांचं म्हणणं, शांतपणे, हनुवटी खाली घेऊन, इवला इवला घास खायचा. "मी त्यांना म्हटलं, माझ्याकडे तेरा मिनिटं असतात आणि समोर सातशे माणसं." मग म्हणाले, "मॅनेजरला सांगू नका. लांब भाषणं मला आता पाठ राहत नाहीत, तुम्हाला ठाऊक आहे. बिनबोलाची अशी ही एकच भूमिका उरलीय. ही गेली की घरी जाऊन भिंतीकडे बघत बसायचं."

वहिनीने शब्द दिला. घरी येऊन दादाला सांगितलं, कारण नवऱ्याला सांगणं म्हणजे काही सांगणं नव्हे, असं तिचं मत होतं. दादा रंधा बाजूला ठेवून म्हणाला, "अगं, आणि उद्या तुझ्याच हातचा घास अडकून काही झालं तर?" इकडे आड, तिकडे विहीर. शब्द मोडला तर माणूस घरी बसून मरणार, पाळला तर टेबलावर. ती रात्रभर कूस बदलत राहिली.

आणि रविवारी दुपारच्या प्रयोगाला झालंच. मुलगा घर विकायचं म्हणतो, त्या वाक्याला राजेंच्या घशात सुपाचा घोट अडकला. चेहरा आधी लाल, मग निळसर. चमचा खाली पडला, हाताने टेबलाची कड घट्ट धरली. विंगेत उभी असलेली वहिनी पाण्याचा पेला घेऊन एक पाऊल रंगमंचावर टाकणार, तेवढ्यात राजेंनी तिच्या दिशेने तळहात दाखवला. थांब. कसाबसा खोकला फुटला, श्वास आत गेला.

आणि प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या. काय जिवंत काम करतोय म्हातारा, म्हणून कडकडून वाजवल्या. माणूस मरायला टेकला होता आणि सातशे शहाणे टाळ्या पिटत होते. त्यांचा तरी काय दोष म्हणा.

अंक संपल्यावर राजे घामाने निथळत जिन्याखाली आले. "बघितलंत? टाळी पडली."

"लाज नाही वाटत?" वहिनी म्हणाली. इतक्या वर्षांत ती त्यांच्याशी असं कधी बोलली नव्हती. "माझ्या सुपाने तुमचा जीव जात होता आणि तुम्ही टाळ्या मोजताय? यापुढे नुसता खाण्याचा अभिनय करा. नट आहात ना?"

"खोटं खायला मला सांगू नका," राजेंचाही आवाज चढला. "हवाच खायची असेल तर बागेत जाऊन बसेन. माझ्या वाडग्यात जे असेल ते खरं असलं पाहिजे. नाहीतर तुम्हीही घरी बसा आणि मीही बसतो."

बुधवारी पुढचा प्रयोग होता. वहिनीने नेहमीसारखं सूप केलं, गाळलं, वाडग्यात ओतलं. पडद्याआड टेबल मांडून झालं. मग शेवटच्या क्षणी ती वाडगा परत घेऊन आली, सूप मोरीत ओतलं, वाडगा पुसला आणि तळाशी तपकिरी कापडाचा गोल तुकडा बसवला, वरच्या सज्जातल्या लोकांना तळ दिसू नये म्हणून. रंगमंचावर नटाला फसवण्यापेक्षा मोठं पाप नाही, हे तिला तिथल्या कोणाहीपेक्षा जास्त माहीत होतं. राजे उठून निघून गेले तर नाटक संपलं, नोकरी संपली, आणि जिन्याखाली येऊन स्टुलावर बसणारा माणूसही संपला. पण जिवंत राहील, एवढंच ती स्वतःला सांगत राहिली.

पडदा उघडला. राजे बसले. चमचा वाडग्यात घातला, आणि चमचा कापडावर टेकला.

ते थांबले. वाडग्यात बघत राहिले. मग मान वळवून त्यांनी थेट विंगेत पाहिलं. वहिनीने नजर वळवली नाही.

राजेंनी चमचा भरला. फुंकर घातली. आजवर त्यांनी कधी फुंकर घातली नव्हती, कारण सूप कोमटच असायचं. ओठ लावले, जिभेला चटका बसला म्हणून पुन्हा मागे घेतले. एक तुकडा दाढेखाली घोळवला, त्यातली शीर दातात अडकली ती जिभेने काढली. मुलगा घर विकायचं म्हणाला तेव्हा घास गालातच राहिला, इतका वेळ की पहिल्या रांगेतल्या एका बाईने स्वतःच आवंढा गिळला. शेवटी त्यांनी हनुवटीवरचा ओघळ पुसला. ओघळ नव्हता, पण वहिनीने विंगेतून तो पाहिला. तिला रडू फुटलं आणि तिने पदर तोंडात कोंबला.

प्रयोग संपल्यावर ते बराच वेळ आले नाहीत. ती भांडी आवरून निघणार, तेव्हा दारात उभे दिसले.

"कोणाला विचारून केलंत?"

"कोणालाच नाही. काढून टाका मला."

राजे स्टुलावर बसले. थकले होते, पण खोकत नव्हते. "इतकी वर्षं लोक म्हणतात, राजे काय खाण्याचा अभिनय करतात. अभिनय कसला, मी जेवत होतो. आज पहिल्यांदा करावा लागला." मग उठून जाताजाता म्हणाले, "मीठ मात्र जास्त झालं होतं."

"उद्या कमी घालते," वहिनी म्हणाली.

तेव्हापासून दीड वर्ष ती प्रत्येक प्रयोगाला सांगायची, आज मटारचं आहे, आज भोपळ्याचं, आणि राजे ते ते खायचे. मॅनेजरला दोघांनी ताकास तूर लागू दिली नाही. कापड मात्र तिने तीनदा बदललं.

त्या प्रवेशाचा शेवट असा आहे: भांडण विझतं, मुलगी विचारते, "आणखी वाढू, बाबा?" आणि म्हाताऱ्याचं पोट भरलेलं असूनही तो मुकाट्याने वाडगा पुढे करतो, मुलं आणखी थोडा वेळ टेबलाशी बसावीत म्हणून. तिथे अंधार होतो. अकरा वर्षांत ते कधी बदललं नाही. एका शुक्रवारी मुलीने विचारलं, "आणखी वाढू, बाबा?" राजेंनी चमचा उलटा ठेवला, वाडग्यावर हात धरला, आणि नको म्हणून मान हलवली. मुलीचं काम करणारी नटी गोंधळली. राजेंनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि मग विंगेकडे पाहिलं.

अंधार झाला. मॅनेजर धावत वहिनीकडे आला. "हे काय केलं राजेंनी? तब्येत बरी आहे ना? उद्याच्या प्रयोगाचं काय?"

"दुसरा नट बघा," वहिनी डोळे पुसत म्हणाली. "राजेंचं जेवण झालंय."