नानांच्या शेतातली तिसरी खूण

साहेबांचा फोन आला तेव्हा मी चाकणच्या पुढच्या एका गावात बांधावर उभी होते. समोर बबननाना आमच्या पिलरला चुना लावत होते.

"तुमचा सेक्शन ड्रॉप झालाय," साहेब म्हणाले. "लाइन दुसरीकडून जाणार. मशिन पॅक करा आणि निगडीच्या ऑफिसला या. आणि मॅडम, गावात एक शब्द बोलायचा नाही."

"पण सर, लोक विचारतात."

"विचारू देत. लेखी पत्र येईपर्यंत आपल्याला काही माहीत नाही."

"पत्र कधी येईल?"

"महिन्यात येईल, नाहीतर वर्षही लागेल. तुम्हाला कसली घाई आहे?"

घाई मला नव्हती. नानांच्या मुलाला, विकासला होती.

मी सर्व्हे इंजिनिअर. नवी रेल्वे टाकायची तर ती जमिनीवरून नेमकी कुठून जाईल ते आधी ठरवावं लागतं. त्या रेघेला आम्ही अलाइनमेंट म्हणतो. रेघेवर लाकडी खुंट्या ठोकतो आणि ठरावीक अंतरावर काँक्रीटचे छोटे पिलर बसवतो. पिलरवर नंबर असतो. पुढची सगळी मापं त्याच्यावरून घ्यायची, म्हणून तो हलता कामा नये.

शेतकरी सहसा आमच्या खुंट्या उपटतात. मला त्यात कधी गैर वाटलं नाही. शेतात खुंटी आली म्हणजे जमीन जाणार, एवढं त्यांना कळतं. सकाळी ठोकलेली खुंटी संध्याकाळी चुलीत जळताना मी पाहिली आहे. नानांचं मात्र उलटं होतं. नांगर धरला की ते पिलरला वळसा घालायचे. दर अमावस्येला बांधावरच्या म्हसोबाला शेंदूर लावायचे आणि उरलेल्या वेळात पिलरला चुना.

पहिल्याच दिवशी ते मला म्हणाले होते, "पोरी, ह्यो तिसरा हाय."

मग त्यांनी मला शेतभर फिरवलं. विहिरीजवळ एक घडीव दगड होता, डोक्यावर छिन्नीने फुली मारलेली. "मपल्या आज्याच्या टायमाला मोजनीची साखळी घिऊन आले व्हते, त्यांचा." पलीकडे बाभळीखाली काँक्रीटचा एक ठोकळा, त्यातून गंजलेली सळई वर आलेली. "ह्यो बापाच्या वक्ताचा. ते तिपाईवर दुर्बीण लावायचे. आन् आता तू आलीस, पांढरी टोपी घिऊन." टोपी म्हणजे आमचं उपग्रहावरून जागा मोजणारं यंत्र. "समद्यांनी एकच सांगितलं. हितं ठेसन व्हनार."

"मग झालं का नाही?"

"ते तू सांग. शिकलेली तू हाईस."

 आमच्या फाइलमध्ये आधीच्या दोन्ही सर्व्हेंचा उल्लेखच नव्हता. त्या लाइनचा जो काही इतिहास होता तो नानांच्या शेतात उभा होता, आणि त्याला सांभाळणारे नाना एकटे होते.

त्यांना स्टेशन का हवं होतं ते मला महिनाभराने कळलं. त्यांचा थोरला मुलगा म्हाळुंग्याच्या कंपनीत होता. फर्स्ट शिफ्टला जाताना हायवेवर कंटेनरखाली गेला. मी तिथे येण्याच्या आदल्या वर्षीची गोष्ट. धाकटा विकासही त्याच रस्त्याने, त्याच वेळेला बाइकवरून जायचा. त्याच्या बायकोने, सुवर्णाने, कंपनीजवळ एक खोली बघून ठेवली होती. नाना म्हणायचे, "घर सोडून कशापायी जायचं? ठेसन झालं की दहा मिन्टात चाकण."

आता माझी चूक सांगते.

मी मराठवाड्यातल्या एका लहान तालुक्याची. वडील शिलाईकाम करायचे. आमच्या गावाला स्टेशन होतं म्हणून मी शिकले. सकाळच्या पॅसेंजरने कॉलेजला जायचं, संध्याकाळच्या गाडीने परत. घरातली पहिली ग्रॅज्युएट मी, आणि त्याचं निम्मं श्रेय मी आजही त्या गाडीला देते. त्यामुळे एका दुपारी नानांनी "फलाट नेमका कुठून कुठवर?" असं विचारलं, तेव्हा मला राहवलं नाही. ड्रॉइंगवर स्टेशन होतं, पण फक्त प्रस्तावित. मंजुरी यायची होती. मी गाडीतून चुन्याची गोणी काढली आणि पूर्ण फलाट जमिनीवर आखून दिला.

नाना त्या रेघेवरून टोकापर्यंत चालत गेले आणि परत आले. तेवढ्यात विकास शिफ्ट संपवून आला. रेघेच्या आत उभा राहून म्हणाला, "मॅडम, वडापावची टपरी कुठं? आधी ती दाखवा, मग इंजिन आणा."

"तुला खायाचंच सुचतंय," नाना म्हणाले. पण हसत होते.

सुवर्णा बांधावर उभी होती. ती हसली नाही.

पुढच्या आठवड्यात विकासने खोलीला नकार कळवला. मॅडमनेच आखून दिलंय म्हटल्यावर सुवर्णा तरी काय बोलणार? त्यानंतर थोड्याच दिवसांत विकास हायवेवर घसरला. कोपर सोलून निघालं आणि हेल्मेटला चीर गेली. ते हेल्मेट घालून तो तिसऱ्या दिवशी पुन्हा कामावर गेला.

आणि आता साहेब सांगत होते, पत्र येईपर्यंत गप्प बसा.

मी फोन खिशात टाकला आणि नानांकडे गेले.

"नाना, चुना राहू द्या."

"का गं? नंबर बुजला व्हय?"

"लाइन इथून जाणार नाही."

त्यांचा हात थांबला. "परत?" ते म्हणाले.

"मी फलाट आखायला नको होता. मंजुरी नव्हती. चूक माझी आहे. विकासदादांना खोली बघायला सांगा. आजच सांगा."

"तुझा सायब वरडंल तुला."

"ओरडू दे."

नाना पिलरपाशी उकिडवे बसले. मग म्हणाले, "आज्याला सांगाया कुनी आलं न्हाई. बापालाबी न्हाई. बाप मरस्तवर इच्यारायचा, गाडीचा आवाज आला का रं?" त्यांनी कुंचा पुन्हा बादलीत बुडवला आणि पिलरची राहिलेली बाजू रंगवून टाकली. मी मशिन पॅक केलं.

पहिली खोली तोवर गेली होती. दुसरी मिळाली, जरा अंधारी, पण कंपनी चालत जाण्यासारखी. विकास, सुवर्णा आणि दोन मुलं तिकडे राहायला गेली. नाना म्हशी आणि शेत सोडून जाईनात.

इकडे चार दिवसांत गावातली माणसं जाब विचारायला ऑफिसला पोचली. साहेबांनी मला विचारलं, "तुम्ही बोललात?" मी हो म्हटलं. मला साइटवरून काढून ड्रॉइंगच्या टेबलावर बसवलं. पत्र यायला आठ महिने लागले.

पत्र आल्यावर एका रविवारी मी नानांकडे गेले. दोन खोल्यांना कुलूप होतं. नानांनी स्वतः चहा केला, साखर जास्त पडली होती. ओसरीवर चीर गेलेलं हेल्मेट टांगलेलं होतं. विकासला आता त्याची गरज नव्हती. फलाटाची रेघ नांगरटीत गेली होती. पिलर मात्र पांढराशुभ्र होता.

"अजून लावता?" मी विचारलं.

"चौथे येतील की. त्यांना तिन्ही दाखवाया कुनी पायजे ना." मग म्हणाले, "विकासला ठावं न्हाई कुठं कुठं हायेत. त्याला तसलं ध्यानच न्हाई."

मी वही काढली आणि नानांबरोबर फिरून तिन्ही खुणांची जागा लिहून घेतली. दगड, ठोकळा, पिलर. ती नोंद कोणत्याही रिपोर्टमध्ये नाही.

आता माझ्या हाताखाली नवीन इंजिनिअर येतात. त्यांना मी पहिल्या दिवशी मशिन शिकवत नाही. चुन्याची गोणी दाखवते आणि सांगते, मंजुरीचं पत्र हातात येईपर्यंत ही गाडीतून खाली उतरवायची नाही. कुणी कितीही प्रेमाने विचारलं तरी.