गाण्याखालची नणंद

आमचे हे लोकांच्या लग्नांची, वाढदिवसांची शूटिंगं करायचे. कामाला चोख, पण माणसांचं बोलणं म्हणजे ह्यांच्या लेखी कचरा. घरी आले की मूळ आवाज काढून टाकायचा आणि वर छानपैकी गाणी चढवायची. गिऱ्हाईकांनाही तेच हवं असायचं. ती कॉपी त्यांना दिली, की मूळ कॅसेट पुसून पुढच्या कार्याला वापरायची. आता बोला!

आणि ह्यांची धाकटी बहीण, माझी नणंद, म्हणजे अखंड बडबड. गल्लीत कुणाकडेही काही असो, ही हजर आणि हिचं तोंड सुरू. मी तर कानात बोटं घालायची. तिची लेक रांगत होती तेव्हाच ही गेली. ताप आल्याचं निमित्त झालं.

ती लेक, आमची भाची, यंदा आली ती मामाच्या मागेच लागली. "फोटो आहेत रे पुष्कळ. मला आईला बोलताना ऐकायचंय. जुन्या कॅसेटींतून जोडून काहीतरी कर ना."

हे लगेच हो म्हणाले. त्या कॅसेटींत बोलणं उरलंय कुठे, पण ह्यांना सांगणार कोण? दारोदार हिंडून लोकांच्या माळ्यांवरच्या कॅसेटी आणल्या, बुरशी पुसली, सगळं कॉम्प्युटरवर घेतलं. नणंद सापडली हो, जागोजाग. हातात बशी, तोंड सुरू. कुणाच्या तरी कानाला लागलेली, तोंड सुरू. आणि वर गाणं. गाण्याखालून एखादा शब्द तरी निघेल म्हणून हे दिवसचे दिवस झगडले. कुठला निघतोय! एका दुपारी हेडफोन काढून म्हणाले, "मीच पुसली गं तिला." मी चहा टाकला.

शेवटी ह्यांनी गाणी काढून टाकली आणि ते तुकडे जोडून मुकीच फिल्म केली. भाची पडद्याला नाक लावून बघत होती. एका तुकड्यात नणंदेशेजारी मी उभी. ती काहीतरी म्हणते आणि आम्ही दोघी फिदीफिदी हसतो. ते वाक्य मला लख्ख आठवलं. मी सांगितलं, "ती म्हणाली, 'वहिनी, कॅमेरा आला, पोट आत घे.'"

भाची इतकी हसली की डोळ्यांतून पाणी आलं. मग माझा हात धरून म्हणाली, "मामी, तिच्यासारखं म्हणून दाखव ना. ती म्हणायची तसं."

मी म्हटलं. तो माझाच आवाज होता. पुन्हा म्हटलं, जरा बारीक आवाजात, तरी माझाच. मी ह्यांच्याकडे पाहिलं, तर हे माझ्याकडेच बघत होते. ह्यांनाही आठवत नव्हता. सख्खी बहीण, एका घरात वाढलेली, आणि आम्हा दोघांनाही तिचा आवाज आठवत नव्हता.

पोर अजून माझा हात धरून बसली होती.