टाचणीएवढं भोक

ऑस्ट्रेलियातल्या पोर्ट केम्ब्लाच्या आमच्या वर्कशॉपमध्ये स्तोयना रिस्तेव्स्का एकोणीस वर्षं पाण्याने पोलाद कापत होती. प्रचंड दाबाने सुटणारी, बारीक वाळू मिसळलेली पाण्याची केसाएवढी धार दोन बोटं जाडीची प्लेट चिरत जायची. मी तिच्याच हाताखाली शिकलो. तिला घाबरलेलं मी त्या मंगळवारपर्यंत पाहिलं नव्हतं.

सकाळी एका नळीचा जोड ठिबकायला लागला. मी पंप बंद केला आणि दाब उतरलाय म्हणून तिला सांगितलं. दाब दाखवणाऱ्या काट्याकडे मी बघितलंच नव्हतं. तिने पाना लावून जोड सैल केला, फस्सकन आवाज आला आणि तिने डावा हात मागे ओढला. हातमोजा काढला तर तळव्यावर टाचणी टोचल्यासारखा लाल ठिपका. रक्तही नाही. पट्टी लाव आणि चल चहाला, असं मी हसून म्हटलं.

तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. "डेरिल, गाडी काढ."

वाटेत ती सांगत होती, धार कातडीपाशी थांबत नाही. पाणी, वाळू, घाण सगळं आत पसरत जातं. तिच्या जुन्या वर्कशॉपमधला एकजण दुखत नाही म्हणून सुट्टी होईपर्यंत काम करत राहिला आणि कोपरापासून हात गमावून बसला. पुढे लाल सिग्नल लागला आणि मी ब्रेक दाबला.

"सिग्नल तोड," ती म्हणाली. "दंड मी भरते."

इस्पितळातल्या तरुण डॉक्टरने ठिपका पाहून धनुर्वाताचं इंजेक्शन लिहिलं आणि आम्हाला बाहेर बसवलं. पाऊण तासात तिचं मधलं बोट सुजून चकाकायला लागलं. ती तिच्या मातृभाषेत काहीतरी पुटपुटत होती. मग उठली आणि अशी जखम झाली तर डॉक्टरांना दाखवायचं, आम्ही सगळे पाकिटात बाळगतो ते धोक्याचं कार्ड तिने काउंटरवर ठेवलं.

"भोक बघू नका. पाणी कुठवर गेलंय ते बघा. सर्जन आल्याशिवाय मी इथून हलत नाही."

सर्जनबाईंनी कार्ड वाचलं आणि धावपळ उडाली. हात चिरल्यावर वाळू मनगटाच्या वर चार बोटं अंतरापर्यंत सापडली. तीन ऑपरेशनं झाली. मधलं बोट गेलं, हात वाचला.

काटा पाहिला नव्हता, हे मी तिला वॉर्डात सांगितलं. "मीही नाही पाहिला," ती म्हणाली. "एकोणीस वर्षांत पहिल्यांदा."

सात महिन्यांनी ती कामावर आली. पंप सुरू झाला की तिला उलटी व्हायची. आठवडाभर तिने रेटून पाहिलं, मग मालकाला सांगून ऑफिसात ड्रॉइंग करायचं काम घेतलं. मशीन आता मी चालवतो. भीती वाटते, पण चालवतो.