केराचं नाव

मी नोकरीला लागले तेव्हा उधव्याच्या बाजूच्या आदिवासी पाड्यांवर निम्म्या मुलांना वाराची नावं असायची. सोमवारी जन्मला तर सोमवारचं, बुधवारी जन्मली तर बुधवारचं. माझ्या एका वर्गात तीन बुधवार होते. हाक मारली की तिघंही उठायची आणि माझं डोकं फिरायचं. मी किनाऱ्यावरच्या नरपडची, डीएड नुकतंच झालेलं, अंगात सुधारणेचं वारं शिरलेलं. मुलं दाखल करून घेतानाच मी त्यांची नावं बदलून टाकायचे. गोड, छान अर्थाची, पुस्तकातली वाटतील अशी. आईबापांना विचारायचं सुचायचंसुद्धा नाही. बाईंनी ठेवलंय म्हणजे चांगलंच असणार, म्हणून ते मान डोलवायचे. मला वाटायचं, केवढं पुण्य पदरात पडतंय!

एका मुलीचं नाव तर वाराचंही नव्हतं. केरकचऱ्यावरून पडलेलं होतं. ते इथे लिहीत नाही, तिच्या नावाशी मी केलेली ढवळाढवळ झाली तेवढी पुरे. मला ऐकूनच शिसारी आली. लेकराला असं नाव ठेवणारे आईबाप कसले, असं मी सोबतच्या गुरुजींना तावातावाने म्हणाले होते. पोरगी मात्र भलती चुणचुणीत. पहिल्या आठवड्यातच अंगणातल्या मातीत काडीने अक्षरं काढायला लागली. मी तिला पहाटेचं नाव दिलं आणि सगळ्या वर्गाकडून मोठ्याने म्हणवून घेतलं.

पंधरा दिवसांत ती यायची बंद झाली. मी दोनदा पाड्यावर गेले, तर घराला कडी. घोलवडला चिकूच्या वाडीवर मजुरीला गेले असतील, असं शेजारणीने सांगितलं. मग काय, या लोकांना शिक्षणाची किंमतच नाही, हे मी कितीतरी वर्षं चारचौघांत सांगत फिरले.

यंदा जूनमध्ये ती ऑफिसात उभी राहिली. मी आता त्याच शाळेची मुख्याध्यापिका. मी तिला ओळखलंच नाही, तिनेच ओळख दिली. सोबत पाच-सहा वर्षांची मुलगी, आईच्या पदरात तोंड खुपसून उभी. जन्माच्या दाखल्यावर नावाची जागा कोरी होती. मुलीला शाळेत घालायचंय, पण नाव मी सांगेन तेच लिहायचं, नाहीतर परत नेते, असं तिने आधीच बजावलं आणि नाव सांगितलं. पुन्हा केराचंच.

केस पिकले तरी खोड जाते थोडीच! मी म्हणाले, अगं, पोरं चिडवतील हिला, मी एखादं चांगलंसं सुचवते. तिने टेबलावरचा दाखला उचलला, घडी घातली आणि मुलीचा हात धरला.

मी घाईने उठले. बस म्हटलं, निदान कारण तरी सांग.

ती टेकली. तिच्या आधीची तीन भावंडं एकामागोमाग गेली होती. ती जन्मली तेव्हा सुईणीने तिला उकिरड्यावर ठेवलं आणि आत्याने कुणी टाकलेली वस्तू उचलावी तशी उचलून घरात आणली. नावही तसंच ठेवलं. केराकडे कोण बघतंय? नेणाऱ्याची नजर पडू नये म्हणून. आणि ती जगली. पुढे मी तिला पहाटेचं नाव दिलं, पाड्याला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने वर्गाकडून म्हणवून घेतलं, आणि त्याच आठवड्यात ती तापाने फणफणली. ताप उतरला, पण आईने शाळा कायमची बंद केली.

"आई म्हणायची, लपवून ठेवलेली पोर बाईंनी उघड्यावर आणली," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. मग मुलीच्या केसांवरून हात फिरवत म्हणाली, "हिच्या आधी माझी दोन गेली."

माझ्या सख्ख्या काकाचं नाव दगडावरून ठेवलेलं होतं. त्याच्या आधीची मुलं जगली नव्हती म्हणून. ही गोष्ट लहानपणी मी कितीदा ऐकली होती, ऐकून डोळे पुसले होते. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं! आमच्या घरात ती माया होती आणि तिच्या घरात मला अडाणीपणा दिसला. लाज वाटली. अजून वाटते.

मी कपाटातून जुनं जनरल रजिस्टर काढलं. मी ठेवलेलं ते गोड नाव सापडलं. पुढे शेऱ्याच्या रकान्यात लाल शाईने, माझ्याच वळणदार अक्षरात: सतत गैरहजर, नाव कमी केले.

मग यंदाचं रजिस्टर उघडून तिने सांगितलं तेच नाव लिहिलं, काना-मात्रा तपासून. रजिस्टर तिच्याकडे फिरवलं आणि म्हटलं, बघ, बरोबर लिहिलंय ना?

तिने बोट त्या ओळीवर ठेवलं.

"तुम्हीच वाचून दाखवा, बाई," ती म्हणाली. "मला वाचता येत नाही."