काळ्या मिशीचं कार्ड

“ओ मामा, मिशीला हात लावू नका, रंग गालावर येऊन राह्यला!” घनसावंगीच्या कार्ड केंद्रात ऑपरेटर ओरडत होता.

रांगेत माझ्या पुढचे, सत्तरीपुढचे एक मामा कॅमेऱ्यासमोर ताठ बसले होते. मिशी एवढी काळी, की लाईट गेली समजून रांगेतल्या दोघांनी मोबाईलचे टॉर्च लावले.

झालं असं, की बसच्या सवलतीच्या कार्डावर मामांची मिशी काळी होती आणि तोंडावर पांढरी. “हे तुम्ही न्हाईच,” म्हणत कंडक्टरनं लेकीच्या गावाला निघालेल्या मामांना अर्ध्या रस्त्यात उतरवलं. म्हणून मामा कार्ड नवं करायला आल्ते, आणि जुन्या कार्डावरचा माणूस आपणच हे इथं तरी पटावं, म्हणून मिशी रंगवून आल्ते.

“अहो, नवा फोटो आत्ताच्या चेहऱ्याचा पाहिजे!”

“हा आत्ताचाच हाये. सकाळीच केलाय.”

ऑपरेटरनं कपाळावर हात मारला आणि काळ्या मिशीचाच फोटो काढला.

बाहेर आल्यावर मी म्हणालो, “मामा, आता जन्मभर मिशी काळीच ठेवावी लागंल की!”

हनुवटीवरचा ओघळ उपरण्यानं टिपत मामा म्हणाले, “ठेवू. कार्ड बदलण्यापरीस मिशी बदलणं जल्दी होतं.”