दुसऱ्याच्या जिभेवरचं मीठ

शुक्रवार पेठेतल्या त्या घरात अकरा वर्षं मटण धोंडुबाई रांधायची आणि चव दुसरंच कुणीतरी घ्यायचं. नवरा गेला तेव्हा ती चोवीस वर्षांची होती. सासऱ्यांनी, आण्णांनी, स्वतःच्या हातानं तिच्या गळ्यात तुळशीची माळ घातली आणि चार माणसांत सांगितलं, "माळ हाय तवर ह्यो उंबरा हिचा." माहेर नेसरीला होतं, पण भावानं पहिल्याच दिवाळीत तोंड फिरवलेलं. तेव्हा माळ हाच तिचा निवारा.

माळकरी बाईला मटण खाता येत नाही, चाखताही येत नाही. पण हात तिचाच चांगला. बाभळीचा जाळ ओढून घ्यायचा, निखाऱ्यावर मटण दोन-तीन तास रटरटू द्यायचं. खोबरं-तीळ भाजून वाटायचे, तर्री वर आली की ओगराळं आण्णांपुढं धरायचं. आण्णा फुर्रकन ओढत आणि म्हणत, "चिमूटभर." बस्स. दुसऱ्यांदा त्यांनी मीठ कधी मागितलं नाही.

त्रेपन्न साली आण्णा गेले. जीभ आता धाकट्या जावेची, बनाबाईची.

माघात जयसिंगपूरचे व्याही पहिल्यांदा जेवायला आले. चार शेर मटण. धोंडुबाईनं नेहमीच्या हातानं मीठ टाकलं आणि ओगराळं पुढं केलं.

"अळणी हाय," बनाबाई म्हणाली.

अर्धी मूठ पडली.

"अजून लागंल की, आक्का."

पुन्हा अर्धी मूठ. बनाबाईनं तिसऱ्यांदा ओठ चाटले. "माणसं बाहीरगावची हायती, मीठ जरा सढळ खात्यात. टाका."

धोंडुबाईनं तिसऱ्यांदाही टाकलं. मग बरणीत पाहिलं. चार शेरांना एवढं मीठ तिच्या हातून कधी गेलं नव्हतं.

"बना, खरं सांग."

"माजी जीभ खोटी व्हय? मग तुमीच बघा की चाखून."

सोप्यात पाट मांडले होते. बनाबाईचा नवरा, दीर हंबीरराव, दारात आला. "वैनी, पावणं बसल्यात. वाढा."

बनाबाई हाताची घडी घालून उभी राहिली. खारट रस्सा पंगतीत गेला तर बोल धोंडुबाईवर. चाखला तर माळ गेली. दोन्हीकडं बनाबाईचाच फायदा होता आणि तो लपवायची तिला गरज वाटत नव्हती.

धोंडुबाईनं माळ काढली, दुमडून कोनाड्यात ठेवली आणि ओगराळं तोंडाला लावलं. अकरा वर्षांनी मटणाची चव जिभेवर आली आणि त्यात मिठाशिवाय काही कळेना. पांढऱ्या रश्श्यासाठी बिनमिठाचं मटणाचं पाणी बाजूला ठेवलं होतं. त्यातलं निम्मं तिनं तांबड्यात ओतलं, वाटण वाढवलं, जाळ पुढं सारला. पुन्हा चाखलं. मग म्हणाली, "न्या."

व्याह्यांनी तीन-तीनदा रस्सा मागून घेतला. रश्श्याला हात कुणाचा, असं त्यांनी विचारलं तेव्हा हंबीररावानं बायकोचं नाव सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यानं धोंडुबाईला सोप्यात बोलावलं.

"आण्णांचा शबुद माळंपुरता हुता, वैनी."

"भावजी, हिनं मुद्दाम मीठ टाकायला लावलं."

"ठाव हाय."

"मग?"

"मग काय? तोंड तुमी लावलं की." तो पान जुळवत होता. "रस्सा मातूर झकास झालता. नेसरीच्या मोटारीला आकाराम गडी सोडंल तुमास्नी."

तिनं कोनाड्यातली माळ मागितली. आण्णांची होती, ती घरातच राहील, असं बनाबाई म्हणाली. धोंडुबाई निघाली तेव्हा बनाबाईनं एक पितळी डबा तिच्या गाठोड्यावर ठेवला. "कालचा उरलाय. आता काय, खाता की तुमी."

डबा तिथंच ठेवून जावं, असं धोंडुबाईच्या मनात आलं. पण नेसरीत भाऊ दार उघडील की नाही, याचा भरवसा नव्हता आणि सकाळपासून तिला कुणी भाकरीही विचारली नव्हती. मोटारीनं कागल मागं टाकल्यावर तिनं डबा उघडला. शेजारची बाई वासानं वळली. "झ्याक वास येतोय. कुणी केलाय?"

"जावंनं," धोंडुबाई म्हणाली आणि बोटं चाटून डबा रिकामा केला.